शब्दांची वर्कबुकं भरायची की वापरायची?

मा. संपादक साहेब,

सप्रेम नमस्कार.

बाकी महाराष्ट्रात जूनच्या मध्यात शाळेची घंटा वाजते तेव्हा आपण विदर्भवाले अजून कूलरमध्ये पाणी टाकत असतो, आपली शाळा उघडते थेट जूनच्या शेवटी, आणि उघडली रे उघडली की व्हॉट्सॲप ग्रुपवर पुस्तकांची यादी येऊन पडते. वह्या, कव्हर, क्राफ्टचं सामान हे तर असतंच, पण आता जवळजवळ प्रत्येक यादीत अजून एक नग असतो तो म्हणजे शब्दसंपत्तीचं वर्कबुक, मराठीचं एक, इंग्रजीचं एक, काही शाळांत हिंदीचंही एक. मग पालक चिडतात, पैसे किती, दप्तर केवढं, अमुकच दुकानातून काहून घ्यायचं, आणि या दिवसांत पेपरात तशी पत्रंही येतात. ती बरोबरच आहेत. केंद्राचं 2020 चं दप्तर धोरण सांगतं की दप्तर मुलाच्या वजनाच्या 10 टक्क्यांवर जायला नको, म्हणजे 25 किलोच्या पोराला अडीच किलो, आणि आमच्या गल्लीतल्या कुठल्याही पाचवीतल्या पोराचं दप्तर एका हातानं उचलून बघा म्हणजे समजेल की धोरण कुठे आणि दप्तर कुठे.

पण मला खर्चावर किंवा ओझ्यावर लिहायचं नाही. मी नागपुरात नंदनवनला घरीच शिकवणी घेते, पाचवी ते आठवी, मराठी मीडियमची काही, सेमीची जास्त, दोनचार सीबीएसईची, त्यामुळे सगळ्या शाळांची सगळी वर्कबुकं माझ्या दिवाणावर येऊन पडतात आणि ती आतून कशी असतात हे मला रोज दिसतं. ती बंद करा असं मी म्हणत नाही. चांगलं वर्कबुक असेल तर मुलाला शब्द नक्की मिळतात, विशेषतः ज्या घरात गोष्टीचं एकही पुस्तक नाही तिथे हेच काय ते एक पुस्तक असतं ज्यात शब्दाकडे शब्द म्हणून बघायला शिकवतात. तक्रार आहे ती आपण ज्या पद्धतीने ती भरून घेऊन राहिलो त्या पद्धतीबद्दल.

एक पान उघडून दाखवते. डावीकडे अ गट, उजवीकडे ब गट, जोड्या लावा. अ गटात सूर्य, पाणी, विस्तव, वारा, कमळ. ब गटात उलटसुलट करून अनल, पंकज, तोय, मित्र, अनिल. आता बघा, अनल म्हणजे विस्तव आणि अनिल म्हणजे वारा, दोन्ही एकाच पानावर, एकाच दिवशी, आणि पोरगं दहा वर्षांचं. वरून सूर्याला मित्र म्हणतात हे त्याला आजच कळलं, कारण त्याच्या लेखी मित्र म्हणजे शेजारच्या बाकावरचा यश. मूल काय करतं, जी एक जोडी येते ती आधी लावतं, पंकज आणि कमळ, कारण शेजारच्या काकांचं नाव पंकज आहे आणि त्यांनी कधीतरी सांगितलं होतं, मग उरलेल्या रेघा अंदाजाने ओढतं, शेवटची जोडी तर आपोआपच लागते. चुकलं तर मागे उत्तरं छापलेली असतात, नसतील तर ग्रुपवर कोणीतरी फोटो टाकतं. दुसऱ्या दिवशी शाळेत लाल टिक, खाली एक स्टार, पान संपलं. पुढच्या आठवड्यात मी विचारलं की बाळा अनल म्हणजे काय, तर उत्तर येतं, बाई ते पान झालं न आमचं.

पान झालं म्हणजे शब्द आला, हा सगळ्यांचाच समज आहे, शाळेचा, पालकांचा, मुलांचा. पालक मीटिंगमध्येही प्रश्न एकच असतो, किती पानं झाली.

शब्द आला का हे बघायचं असेल तर मी वही बंद करून वाक्य करायला लावते, तोंडी. 'उदार' या शब्दाचं वाक्य एकीने केलं, आमच्या किराणावाल्यानं पप्पांना साखर उदार दिली. 'विरक्त'चं वाक्य आलं की आजीच्या अंगात विरक्त कमी झालं म्हणून तिला सलाईन लावली. हसू येतं पण नीट बघितलं तर पोरं डोकं लावून राहिली आहेत, उधार ऐकलेलं आहे म्हणून उदार तिकडे नेलं, रक्त माहीत आहे म्हणून विरक्तमध्ये ते शोधलं. म्हणजे शब्द फोडून बघायची बुद्धी त्यांच्याजवळ आहे, आपण तिला कामच देत नाही, जोड्या लावायला सांगतो. आणि गंमत म्हणजे या दोघांच्याही वर्कबुकात ते पान शंभर टक्के बरोबर होतं.

असं का होतं याचं कारण काही फार खोल नाही, परीक्षा. शिष्यवृत्तीच्या पहिल्या पेपरात प्रथम भाषेचे 25 प्रश्न असतात 50 मार्कांचे, सगळे पर्यायवाले, तेव्हा छापणारेही पर्यायवालीच पानं छापतात. दहावीला कुमारभारतीचा लेखी पेपर 80 मार्कांचा, त्यात भाषाभ्यासाला 16, आणि त्या 16 मधले शब्दसंपत्तीला, म्हणजे समानार्थी, विरुद्धार्थी, वचन बदला, शब्दसमूहाबद्दल एक शब्द हे सगळं मिळून, 4. चार मार्कांच्या या साच्यात पाचवीपासूनची वर्कबुकं ओतलेली आहेत. आता त्याच पेपरात उपयोजित लेखनाला 24 मार्क आहेत, पत्र, बातमी, कथा, सारांश, तिथे मूल स्वतःच्या शब्दांवरच उभं असतं, गद्य-पद्याचे उतारे समजायलाही शब्दच लागतात, पण या बाकीच्या मार्कांसाठी शब्दांचं वर्कबुक कोणी काढत नाही, कारण तिथे जोड्या लावता येत नाहीत.

शब्द निवडायचं कामही असंच जुन्या याद्यांवरून चालतं. 'अस्वलाचा खेळ करणारा' म्हणजे दरवेशी, हे माझ्याकडची झाडून सगळी मुलं झोपेतही सांगतील. अस्वलाचा खेळ त्यांनी कधी बघितला नाही आणि बघणारही नाहीत, त्याला कायद्याने बंदी आहे आणि ते चांगलंच आहे. 'आपत्ती'चा विरुद्धार्थी शब्द 'इष्टापत्ती' असं बऱ्याच याद्यांत छापलेलं असतं, अहो इष्टापत्ती म्हणजे संकट आलं पण त्यातून भलं झालं, ते आपत्तीच्या उलट कसं होईल, पण एका यादीतून दुसरीत, दुसरीतून तिसरीत असं ते चाललं आहे आणि तेच लिहिलं नाही तर मार्क जातो. आणि त्याच मुलाला गणितात 'राजू आणि सीमा यांच्याजवळ अनुक्रमे 40 आणि 60 रुपये आहेत' असं वाक्य आलं की तो अडतो. गणित येतं त्याला, अनुक्रमे अडतं. इतिहासात 'पुरावा', विज्ञानात 'प्रमाण', भूगोलात 'निकष', प्रत्येक प्रश्नपत्रिकेत 'तुलना करा', 'फरक स्पष्ट करा', 'अंदाज वर्तवा', हे शब्द रोज लागतात आणि एकाही वर्कबुकात मला त्यांचं पान दिसलेलं नाही.

अमेरिकेत इझाबेल बेक नावाच्या बाई आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शब्दांचे तीन थर सांगितले आहेत, पहिला घरात बोलून आपोआप येतो, तिसरा त्या त्या विषयाचा असतो आणि तो विषयाचे सर शिकवतात, मधला थर मात्र सगळ्या विषयांत लागतो पण कोणीच शिकवत नाही, कारण प्रत्येकाला वाटतं तो मुलाला येतच असेल. अनुक्रमे, निकष, पुरावा हा तो मधला थर. सेमीच्या पोरांची तर अजून पंचाईत, गणित-विज्ञान इंग्रजीत, इतिहास-भूगोल मराठीत, त्यामुळे 'प्रमाण' त्यांना मराठीत धड भेटत नाही आणि इंग्रजीतला त्याचा शब्द ते नुसता पाठ करतात. त्यांची इंग्रजी वर्कबुकं तर बोलायलाच नकोत, डॅफोडिल आणि पॉरिज आणि स्लेज, नागपूरच्या उन्हात स्लेजगाडीचं चित्र रंगवून राहिले पोट्टे.

आता पद्धत. मी काही फार शिकलेली बाई नाही, डीएड केलं आहे, तेव्हा एबिंगहाउसचा विस्मरणाचा वक्र पाठ केला होता, 1885 सालचा, त्या माणसाने अर्थ नसलेली अक्षरं स्वतःच पाठ करून स्वतःच किती विसरतो ते मोजलं होतं. पाठ केलेलं बरंचसं पहिल्या काही तासांत आणि पहिल्या दोन दिवसांतच जातं, मग गळती मंदावते. हा वक्र सगळेच शिक्षक पाठ करून पास झाले आणि त्यातलेच काही जण आज असं वर्कबुक लावतात ज्यात जुलैतला शब्द परत कधीच येत नाही. दहा शब्द, पान संपलं, पुढचे दहा. वर्षाला पाचशे शब्द शिकवले असं कव्हरवर छापता येतं.

दुसरी गोष्ट मला जास्त पटलेली आहे. 2008 मध्ये कार्पिकी आणि रोडिगर या दोघांचा एक प्रयोग सायन्स या नियतकालिकात आला होता, कॉलेजच्या मुलांना स्वाहिली भाषेतल्या 40 शब्दांचे अर्थ शिकवले. एकदा आठवलेला शब्द परत परत विचारत राहिले त्या मुलांना आठवड्यानंतर साधारण 80 टक्के शब्द आठवले, आणि ज्यांना तो शब्द परत परत वाचायला दिला पण विचारणं बंद केलं त्यांना एक तृतीयांशाच्या आसपास. वाचायला वेळ दोघांनीही दिला, फरक विचारण्याने पडला. आपलं वर्कबुक तर विचारतसुद्धा नाही, उत्तर ब गटात समोरच छापलेलं असतं. आणि अनल-अनिल एका पानावर का नको, यावरही अभ्यास झालेले आहेत, टिंकहॅमचा 1993 चा आणि वॅरिंगचा 1997 चा, एकाच गटातले जवळजवळचे शब्द एकदम शिकवले तर ते एकमेकांत गुंततात आणि वेगवेगळ्या गटातले शब्द लवकर बसतात. आपल्याकडे बरोबर उलटं, पाण्याचे सहा समानार्थी एका दमात.

माझ्या शिकवणीत वर्कबुक असं चालतं. पान उघडायचं, पण सगळे दहा शब्द घ्यायचे नाहीत, चार घ्यायचे, तेही ज्याला जे अर्धवट माहीत आहेत ते, म्हणजे ऐकल्यासारखा वाटतो पण सांगता येत नाही असे. एडगर डेल नावाच्या गृहस्थाने 1965 मध्येच लिहून ठेवलं आहे की शब्द येणं आणि न येणं अशा दोनच पायऱ्या नसतात, मध्येही असतात, कधी ऐकलाच नाही, ऐकलाय पण अर्थ माहीत नाही, वाक्यात आला तर थोडाफार समजतो, आणि चांगला येतो. मुलं पेन्सिलने शब्दाशेजारी शून्य, एक, दोन, तीन टाकतात, खरं टाकतात कारण त्याचे मार्क नसतात. मग ते चार शब्द जातात लग्नपत्रिकांवर. घरोघरी जुन्या पत्रिकांचे गठ्ठे पडलेले असतात, मागची बाजू कोरी, कागद जाड, कापून मस्त कार्डं होतात, एका बाजूला शब्द, दुसरीकडे स्वतः केलेलं वाक्य, पुस्तकातला अर्थ नाही. ती कार्डं बुटाच्या खोक्यात, खोक्याला पुठ्ठ्याचे कप्पे. पहिल्या कप्प्यातलं रोज विचारायचं, आलं की दुसऱ्या कप्प्यात, ते तीन दिवसांनी, मग आठवड्याने, मग महिन्याने, आणि मध्ये कुठे चुकलं तर कार्ड परत पहिल्या कप्प्यात. ही युक्ती माझी नाही, लाइटनर नावाच्या एका पत्रकाराने 1972 मध्ये जर्मनीत लोकांना सांगितलेली आहे, मोबाईलवरची शब्द पाठ करायची बरीच ॲप्स याच तत्त्वावर चालतात, पण पोरांच्या हातात मोबाईल देण्यापेक्षा खोका बरा, त्याला नोटिफिकेशन येत नाही.

खोक्याचा एक फायदा असा की पालकांना काम मिळतं आणि त्यासाठी पालक शिकलेला लागत नाही. कार्ड काढायचं आणि म्हणायचं याच्यावरून काहीतरी सांग मला. आजी विचारू शकते, दहावी नापास काका विचारू शकतो. एक आजी तर कार्ड बघून मुलीलाच तीन वाक्यं ऐकवते, वर म्हणते, तुमच्या पुस्तकातलं काही खरं नाही.

ज्या वर्कबुकांत चांगलं काम केलेलं आहे त्यांचंही सांगायला पाहिजे. एकात मला प्रहार, आहार, विहार, संहार, उपहार असं एकच मूळ धरून पान दिसलं, पुढे उपसर्ग बदलला की अर्थ कुठे जातो ते चित्राने दाखवलं होतं. असं एक पान वीस जोड्यांपेक्षा भारी आहे कारण पुढचा न वाचलेला शब्दही मूल फोडून बघतं, विरक्तवालं पोरगं इथे चमकतं. त्या पानानंतर मी मुलांना सांगितलं की सक्करदऱ्यापर्यंत जाता येता हॉटेलांच्या पाट्या वाचा. नाश्त्याला उपाहार म्हणतात आणि उपहार म्हणजे भेटवस्तू, आणि पाट्यांवर बिनधास्त उपहारगृह लिहिलेलं असतं, म्हणजे भेटवस्तूंचं घर. पोरांनी असा धुमाकूळ घातला की एका पोहेवाल्याला त्याच्याच गाडीसमोर उभं राहून समजावून आले, त्याने त्यांना तर्री जास्त दिली म्हणे. मग आम्ही प्रत्यय घेतले, दुकानदार, जमीनदार, चौकीदार झाले, भांडखोर, चहाडखोर झाले, आणि आता तुम्ही तयार करा म्हटल्यावर मोबाईलखोर आला, आणि मागून एक बारीक आवाज आला, खर्राखोर, म्हणजे तंबाखूचा खर्रा खाणारा. कोणासाठी ते मी विचारलं नाही. पण शब्द बरोबर बनला होता आणि व्याकरणाने त्यात काहीही चूक नाही.

आता मला जे सगळ्यात जास्त खुपतं ते. समूहदर्शक शब्दांचं पान सगळ्या वर्कबुकांत असतं, पोत्यांची थप्पी, नाण्यांची चळत, भाकऱ्यांची चवड, लाकडांची मोळी, पिकत घातलेल्या आंब्यांची अढी. माझ्याकडे एक मुलगा येतो, वडील कळमन्याला मार्केटमध्ये हमाली करतात. शाळेत तो मराठीत कच्चा, वहीवर कायम लक्ष द्या लक्ष द्या असा शेरा. या पानावर बाकी मुलं थप्पी, चळत, चवड घोकत बसली होती आणि याने सांगायला सुरुवात केली, थप्पी कशी लावतात, खालची पोती आडवी, मग वरची उभी, मध्ये वारा जायला जागा नाही ठेवली तर खालचा माल तापतो, मग कट्टा म्हणजे किती, अडत्या कोण, मापारी कोण, लिलाव कसा बोलतात, तोलाई कोणाच्या हिशोबात कापतात, बोलतच राहिला बापा. संत्र्याच्या दिवसांत ढिगावर उभं राहून बोली कशी लागते ते त्याने हाताने करून दाखवलं. एका झटक्यात दहाबारा शब्द, सगळे अर्थासकट, सगळे वापरातले, डेलच्या हिशोबाने सगळे शेवटच्या, चांगला येतो या पायरीचे. वर्कबुकात याला शब्दसंपत्ती म्हणत नाहीत. वर्कबुकाच्या हिशोबाने तो 'तोय' न येणारा मुलगा आहे.

सुट्टीत गावी जाऊन येणाऱ्या पोरांचंही तेच. नांगर, वखर, डवरा, तिफण यात काय फरक हे काटोल-उमरेडकडच्या पोराला विचारा, तो सांगेल जमीन कशाने फाडतात, कशाने भुसभुशीत करतात, पीक उभं असताना ओळींमधलं तण कशाने काढतात आणि पेरतात कशाने. एवढा बारीक फरक करता येणं हीच तर शब्दांची ताकद आहे. पण 'शेतीची अवजारे लिहा' मध्ये त्याने डवरा लिहिला आणि उत्तरपत्रिकेत कोळपे असेल तर तो चुकला, 'भाज्यांची नावे' मध्ये सांभार लिहिलं तर लाल पेनने गोल करून वर कोथिंबीर. मी प्रमाण मराठी शिकवू नका असं अजिबात म्हणत नाही, ते आलंच पाहिजे, पुढे त्यातच लिहायचं आहे. पण सांभार खोडून कोथिंबीर लिहायला लावणं आणि सांभारच्या शेजारी कोथिंबीर लिहायला लावणं यात खर्च सारखाच, एका शब्दाचा, आणि दुसऱ्यात मुलाजवळ दोन शब्द होतात. 2024 च्या ऑक्टोबरात मराठीला अभिजात दर्जा मिळाला तेव्हा आपण सगळ्यांनी स्टेटस ठेवले, त्या मराठीत कळमन्याचा मापारीही बसतो की नाही हे तेवढं शाळांनी बघावं.

शिक्षकांची बाजूही माहीत आहे मला, माझ्या मैत्रिणी शाळांत आहेत. वर्गात पन्नास-साठ मुलं, निवडणुकीची कामं, मतदार याद्या, ऑनलाईन माहिती भरणं, रोज एक नवीन लिंक. जोड्या लावाचं पान दहा सेकंदात तपासून होतं, साठ मुलांची साठ वेगळी वाक्यं तपासायला तास जातो. म्हणून तर जोड्या लावा टिकून आहे. पण सगळी वाक्यं तपासायची गरजच नाही. मुलांनी जोडीजोडीत एकमेकांना वाक्य म्हणून दाखवायचं, बाईंनी फिरत फिरत ऐकायचं, आणि प्रत्येक रांगेतून एक भन्नाट आणि एक बिघडलेलं वाक्य फळ्यावर घ्यायचं, दहा मिनिटांचं काम आहे. उदारवालं वाक्य फळ्यावर गेलं असतं तर साठच्या साठ मुलांना उदार आणि उधार जन्मभर पक्कं झालं असतं.

सरकारनेही एकदा जवळपास हेच करून बघितलं होतं. 2023-24 पासून पाठ्यपुस्तकांतच धड्याच्या मागे कोरी पानं घातली, मुलांनी स्वतःच्या नोंदी कराव्यात, नवे शब्द लिहावेत, वेगळी वही लागू नये म्हणून. 2025 मध्ये तो निर्णय मागे घेतला, कारण मुलं वेगळ्या वह्या आणतच होती आणि पानं पडून राहत होती. माझ्याकडे त्या वर्षांची पुस्तकं आहेत, बहुतेकांत ती पानं कोरीच, काहींत क्रिकेटचा स्कोअर. मला वाईट याचं वाटतं की पानं काढून टाकली पण ती कोरी का राहिली हे कोणी विचारलं नाही. मुलाला स्वतःच्या मनाने लिही म्हटलं की ते घाबरतं, कारण त्याने आजपर्यंत फक्त रिकाम्या जागा भरलेल्या आहेत. त्याला आधी कोणीतरी करून दाखवावं लागतं, शिक्षकाचं ट्रेनिंग लागतं, नुसतं पान छापून होत नाही.

म्हणून शाळांना माझी विनंती एवढीच की पुढच्या जूनची यादी करायच्या आधी मराठीच्या बाईंना ते वर्कबुक एक दिवस घरी नेऊ द्या. बघायच्या गोष्टी फार नाहीत, पहिल्या महिन्यातला शब्द नंतरच्या पानांत परत येतो का, स्वतःचं वाक्य लिहायला दोन ओळींपेक्षा जास्त जागा आहे का, बाकी विषयांच्या पुस्तकातले शब्द घेतलेत का, आणि उत्तरं मागे छापलीत का. यातलं काहीच नसेल तर घेऊ नका, तेवढ्या पैशात शाळेत शब्दकोश घ्या. दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश आता इंटरनेटवर फुकट आहे, मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोशही आहे, 1857 ची आवृत्ती, त्यात आपल्याकडचे कितीतरी शब्द सापडतात जे पुण्याच्या यादीत नसतात. एका वर्गात आठवड्यातून एकदा एक शब्द मोठ्या स्क्रीनवर शोधून दाखवला तरी पोरं वेडी होतात, एका शब्दाला इतके अर्थ असतात हेच त्यांना नवीन असतं.

आणि संपादक साहेब, तुमच्याकडेही एक मागणं आहे. मुलांच्या पुरवणीत तुम्हीही समानार्थी शब्दांची चौकट छापता, मी ती कापून ठेवायची, आता ठेवत नाही. त्याऐवजी तुमच्याच पेपरातल्या आदल्या दिवशीच्या बातमीचा पाचसहा ओळींचा तुकडा द्या, त्यातले दोन शब्द ठळक करा, आणि खाली मुलांना त्या शब्दांनी स्वतःच्या मोहल्ल्याची बातमी लिहून पाठवायला सांगा. तुमच्या हेडलाईनी तर शब्दांनी भरलेल्या असतात, मुसंडी, पीछेहाट, ऐरणीवर, धारेवर, तडकाफडकी, आणि मुलांना त्यातलं क्रिकेटच्या पानावरचं सोडून काही समजत नाही. दर आठवड्याला तीन पत्रं छापली तरी चालतील, वाडी, कामठी, हिंगणा, महाल, जिथून येतील तिथली, आणि पोरांनी सांभार लिहिलं तर तसंच छापा. पहिल्या आठवड्याची पत्रं मी आमच्या पोट्ट्यांकडून लिहून घेऊन स्वतः तुमच्या ऑफिसात आणून देते, फक्त पुरवणी कोणत्या वारी निघते आणि किती दिवस आधी मजकूर लागतो तेवढं कळवा.

पत्र मोठं झालंय, कात्री लावायची तर मार्कांच्या हिशोबाला लावा, कळमन्यावाल्या पोराचं मात्र राहू द्या.

आपली,
शिकवणीवाली एक बाई,
नंदनवन, नागपूर